केसी केसम: शॅगीचा आवाज, टॉप फोर्टीचा निवेदक – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कार्टून बघत वाढलेले काही जण केसी केसम यांना ‘स्कूबी-डू’ या, भुतांची रहस्यं उकलणाऱ्या मुलांच्या टोळीच्या आणि त्यांच्या कुत्र्याच्या कार्टूनमधला शॅगी म्हणून ओळखतात. जुनी इंग्रजी गाणी ऐकणाऱ्यांसाठी ते ‘अमेरिकन टॉप फोर्टी’ या, आठवड्याची चाळीस लोकप्रिय गाणी लावणाऱ्या रेडिओ कार्यक्रमाचे निवेदक. हा एकच माणूस होता हे कळलं की दोन्ही बाजूंकडून प्रश्न सुरू होतात. त्यातले नेहमीचे प्रश्न इथे घेतले आहेत.

केसी केसम म्हणजे नेमके कोण?

अमेरिकेतले रेडिओ निवेदक आणि आवाजाचे अभिनेते. मूळ नाव केमाल अमीन केसम. जन्म २७ एप्रिल १९३२, डेट्रॉइट. आई-वडील लेबनॉनमधून आलेले, द्रूझ या छोट्या अरब धार्मिक समाजातले. त्यांचं किराणा दुकान होतं. १९६९ मध्ये शॅगीचा आवाज आणि १९७० मध्ये ‘अमेरिकन टॉप फोर्टी’ अशी दोन्ही मोठी कामं वर्षभराच्या आत त्यांच्याकडे आली आणि पुढे दोन्ही कित्येक दशकं चालली. १९८१ मध्ये हॉलिवूडच्या ‘वॉक ऑफ फेम’वर त्यांच्या नावाचा तारा बसला.

रेडिओत ते कसे आले?

नाटकातून. डेट्रॉइट त्या काळी रेडिओ नाटकांचं मोठं केंद्र होतं. कॉलेजात असतानाच तिथल्या मालिकांमध्ये त्यांना छोट्या भूमिका मिळू लागल्या. समोर फक्त कागद आणि माइक. धावताना लागलेला दम, घाबरून अडकलेला शब्द, दाराआडून आलेली हाक, सगळं एकट्या गळ्यातून उभं करायचं. पुढे कार्टूनच्या स्टुडिओत हीच तालीम कामी आली.

१९५२ मध्ये सैन्यात भरती झाली आणि कोरियात सैनिकांसाठीच्या रेडिओवर निवेदनाचं काम मिळालं. परतल्यावर आधी मिशिगनमधलं फ्लिंट, मग डेट्रॉइट, बफेलो, सॅन फ्रान्सिस्को, ओकलंड. १९६३ मध्ये ते लॉस एंजेलिसच्या केआरएलए स्टेशनवर आले. अमेरिकन डिस्क जॉकीचं आयुष्य तेव्हा असंच असे: एका गावात दोन-तीन वर्षं काढायची, मग मोठ्या गावात जायचं. केसम यांनी त्या वाटेवरचं एकही गाव वगळलं नाही, असं म्हटलं तरी चालेल.

कचऱ्याच्या डब्यातल्या मासिकाचा किस्सा काय आहे?

हा किस्सा ते स्वतः सांगत. सुरुवातीच्या काळात ते गाण्यांच्या मध्ये वेगवेगळी पात्रं उभी करत, आवाज बदलत, धमाल करत. सॅन फ्रान्सिस्को-ओकलंडच्या दिवसांत वरिष्ठांकडून सूचना आली की हे पुरे, आता काहीतरी वेगळं करा. हाताशी काहीच नव्हतं. स्टेशनवरच्या कचऱ्याच्या डब्यात त्यांना गायक-वादकांची माहिती छापलेलं १९६२ चं एक मासिक मिळालं. कोण कुठून आलं, कोण आधी काय काम करत होतं, असल्या गोष्टी त्यात होत्या. त्यांनी त्या गाण्याआधी सांगायला सुरुवात केली, पण नाव मात्र शेवटपर्यंत राखून ठेवायचं.

त्यांची सगळी रेडिओ कारकीर्द या एका युक्तीवर उभी आहे, असं मला वाटतं. पात्रांचे आवाज रेडिओवरून गेले आणि त्यांच्या जागी गोष्ट आली. पात्रं काही वाया गेली नाहीत. थोड्याच वर्षांत त्यांना कार्टूनमध्ये जागा मिळाली.

कार्टूनमध्ये प्रवेश कसा झाला?

लॉस एंजेलिसमुळे. रेडिओ, टीव्ही, जाहिराती आणि कार्टूनचे स्टुडिओ एकाच शहरात होते. सकाळी जाहिरातीचा आवाज, दुपारी कार्टून, संध्याकाळी रेडिओ, असं करणारी मंडळी तिथे बरीच होती. केसम यांनी १९६८ मध्ये बॅटमॅनच्या कार्टून मालिकेत रॉबिनला आवाज दिला. पुढे ‘सुपर फ्रेंड्स’मध्येही रॉबिन त्यांच्याकडेच राहिला. लगेच १९६९ मध्ये हॅना-बार्बेरा या कंपनीची ‘स्कूबी-डू, व्हेअर आर यू!’ आली. पहिला भाग १३ सप्टेंबर १९६९ रोजी सीबीएस वाहिनीवर लागला.

शॅगीचा तो चिरका आवाज त्यांनी कुठून आणला?

गंमत म्हणजे शॅगी त्यांना नकोच होता. त्यांना टोळीतला रुबाबदार फ्रेड करायचा होता आणि फ्रेड ज्यांना मिळाला त्या फ्रँक वेल्कर यांना शॅगी हवा होता. भूमिका वाटणाऱ्यांनी उलटं केलं. त्यांचा कान पक्का होता.

केसम यांनी त्यासाठी रेडिओचीच आठवण उपसली. ‘अवर मिस ब्रुक्स’ या जुन्या विनोदी मालिकेत वॉल्टर डेंटन नावाचा शाळकरी मुलगा होता. रिचर्ड क्रेना त्याचा आवाज मध्येच फाटल्यासारखा काढत. वयात येणाऱ्या मुलांचा आवाज फुटतो, तसा. शॅगीच्या आवाजाचा पाया तो.

एखादा जुना भाग लावा आणि डोळे मिटून ऐका. शॅगी एका वाक्यात तीन वेळा स्वर बदलतो. वाक्य खालून सुरू होतं, भूत दिसल्यावर मधला शब्द वर जाऊन तडकतो आणि शेवट पुटपुटण्यात विरतो. त्यात ‘झॉइंक्स!’ असा तो लाडका उद्गार. घाबरट माणूस हसू येईल असा वठवणं सोपं असतं. शॅगीचं हसू येतं तसा त्याचा लळाही लागतो, कारण घाबरलेला असतानाही तो आवाज कधी कडवट होत नाही. ही केसम यांची कमाई.

आवाज आधी रेकॉर्ड होतो की चित्रं आधी काढतात?

अमेरिकन कार्टूनमध्ये सहसा आवाज आधी. चित्रकार तो ऐकून पात्रांचे ओठ आणि हावभाव काढतात. त्यामुळे कलाकाराने घेतलेला श्वास, अडखळणं, लांबवलेला शब्द हे सगळं चित्रात उतरतं. डबिंगमध्ये उलटं असतं, तिथे हललेल्या ओठांवर शब्द बसवावे लागतात. हॅना-बार्बेराकडे बऱ्याचदा सगळे कलाकार एकत्र बसून नाटकासारखं वाचन करत. शॅगी आणि स्कूबीची जोडी एवढी जमली त्यामागे स्कूबीचा आवाज देणारे डॉन मेसिक समोर असणं हे एक कारण असावं. दोघं भीतीत एकमेकांचं वाक्य झेलतात, ते कानाला लगेच कळतं.

‘अमेरिकन टॉप फोर्टी’ म्हणजे बिनाका गीतमालेसारखाच कार्यक्रम का?

नातं आहे, पण नक्कल नाही. अमीन सायानी यांची गीतमाला १९५२ मध्ये रेडिओ सिलोनवर सुरू झाली, म्हणजे केसम यांच्या कार्यक्रमाच्या बरीच आधी. खालच्या पायदानावरून वर चढत पहिल्या गाण्यापर्यंत जायचं, ही उत्सुकता दोन्हींत सारखी. आणि दोन्हींत लोक गाण्यांइतकेच निवेदकासाठी थांबत.

‘अमेरिकन टॉप फोर्टी’ ४ जुलै १९७० च्या आठवड्यात सुरू झाला. केसम यांचे लहानपणापासूनचे मित्र डॉन बुस्टानी, तसंच टॉम राउंड्स आणि रॉन जेकब्स हे त्यात बरोबर होते. गाण्यांचा क्रम बिलबोर्ड मासिकाच्या ‘हॉट हंड्रेड’ यादीवरून घेत. ही यादी रेकॉर्डची विक्री आणि रेडिओवरचं वाजणं या दोन्हींवरून ठरे. सुरुवातीला हा कार्यक्रम फक्त सात स्टेशनांनी घेतला होता! त्या काळी रॉक एका स्टेशनवर, कंट्री दुसऱ्यावर, कृष्णवर्णीयांचं सोल संगीत तिसऱ्यावर अशी वाटणी वाढत चालली होती. चाळीसही गाणी, जी असतील ती, एकाच कार्यक्रमात लावायची हे अनेक स्टेशनांना धाडसाचं वाटलं. पुढे भर बहरात तो जगभरात हजाराच्या आसपास स्टेशनांवर गेला.

इंटरनेट नव्हतं, रेडिओ कार्यक्रम उपग्रहावरून पाठवायची सोयही नव्हती. मग तो इतक्या स्टेशनांवर पोहोचायचा कसा?

टपालाने. कार्यक्रम आधी रेकॉर्ड व्हायचा, त्याच्या तबकड्या छापायच्या आणि प्रत्येक स्टेशनला त्या पार्सलने जायच्या. तबकडीच्या एका बाजूला साधारण अर्ध्या तासाचा भाग, सोबत कुठे काय येतं याचा तक्ता. स्थानिक जाहिरातींसाठी जागा सोडलेली असे. स्टेशनवरचा माणूस ठरल्या वेळी सुई टेकवायचा, जाहिराती घालायचा, तबकडी उलटायचा. ऐकणाऱ्याला मात्र केसम आत्ता आपल्याच गावात बसून बोलताहेत असं वाटे.

कार्यक्रम आधी तीन तासांचा होता. चाळीस गाणी, प्रत्येकी तीन मिनिटं धरली तरी दोन तास तिथेच संपतात. उरलेल्या तासात जाहिराती आणि सगळं निवेदन. सत्तरच्या दशकात गाणी लांबत गेली, मग बोलायला जागाच राहीना. म्हणून ऑक्टोबर १९७८ पासून कार्यक्रम चार तासांचा झाला. ‘कमी शब्दांत गोष्ट’ ही केसम यांची शैली या हिशेबातून घडली आहे, हे विसरू नये.

त्यांच्या निवेदनात एवढं विशेष काय होतं?

तीन गोष्टी सांगतो. तिसरी सर्वांत महत्त्वाची, पण तिच्याबद्दल सर्वांत कमी बोललं जातं.

पहिली, नाव राखून ठेवणं. ‘या गायिकेला कंपनीने दोनदा परत पाठवलं होतं. आज तिचं गाणं अकराव्या स्थानावर आहे. ती कोण, हे थोड्या वेळात,’ अशा धर्तीचं वाक्य टाकून ते जाहिरातींना जागा देत. (हे उदाहरण मी रचलं आहे, पद्धत त्यांची.) माणूस रेडिओ बंद करायला उठलेला असला तरी पुन्हा बसतो.

दुसरी, आकड्यांवरचं प्रेम. गाणं किती जागा वर चढलं, किती आठवडे यादीत आहे, हे ते असं सांगत की कोरडी आकडेवारी शर्यतीसारखी वाटे.

तिसरी, वाक्याचा उतार. केसम यांचा आवाज खर्जातला, भारदस्त नव्हता. जरा घोगरा, किंचित नाकात, आत कुठेतरी हसू असलेला. ते वाक्य बांधत जात, शेवटच्या नावाच्या आधी बारीकसा थांबा घेत आणि नाव आलं की लगेच गाण्याची पहिली सुरावट. बऱ्याच गाण्यांना गायन सुरू होण्याआधी काही सेकंदांचं वाद्यसंगीत असतं. त्यावर बोलायचं आणि गायकाचा पहिला शब्द यायच्या क्षणी थांबायचं. एक सेकंद उशीर झाला की गाणं झाकलं जातं, एक सेकंद आधी संपलं की मध्ये भोक पडतं. त्यांच्या जुन्या भागांत हे जोड ऐकण्यासारखे आहेत.

‘लाँग डिस्टन्स डेडिकेशन’ काय होतं?

१९७८ मध्ये सुरू झालेला पत्रांचा भाग. कुणी दुरावलेल्या मित्रासाठी, कुणी परदेशात गेलेल्या प्रेयसीसाठी, कुणी गेलेल्या आईच्या आठवणीसाठी पत्र लिहून एक गाणं मागायचं. केसम ते पत्र वाचत आणि गाणं लावत. यादीच्या शर्यतीत मध्येच हे पत्र आलं की सगळा वेग थांबायचा.

काहींना हा भाग भाबडा वाटे, आजही वाटतो. मला तो कार्यक्रमाचा गाभा वाटतो. अनोळखी माणसाचं दुःख वाचताना निवेदकाने रडवेला सूर लावला तर ऐकणाऱ्याला अवघडायला होतं. सपाट वाचलं तर पत्राचा अपमान. केसम मधली वाट धरत. लिहिणाऱ्याचं पहिलं नाव दोन-तीनदा घेत, जणू तो समोर बसला आहे. इथे रेडिओ नाटकातला नट उपयोगी पडला.

ते स्टुडिओत चिडल्याची एक टेप फिरते. ती खरी आहे का?

खरी आहे. १९८५ मधल्या एका रेकॉर्डिंगमध्ये वाया गेलेला भाग बाहेर फुटला. एका कुटुंबाचा कुत्रा मेला होता आणि त्यांनी त्याच्या आठवणीसाठी गाणं मागितलं होतं. ते पत्र एका जोशपूर्ण, नाचऱ्या गाण्यानंतर लगेच ठेवलं होतं. केसम वाचता वाचता थांबले आणि मांडणी करणाऱ्यांवर शिव्यांसकट भडकले.

ही टेप लोक हसण्यासाठी ऐकवतात. शिव्या बाजूला ठेवून त्यांचं म्हणणं ऐका. उड्या मारायला लावणाऱ्या गाण्यातून उठून थेट मृत्यूच्या पत्रावर मी कसा येऊ, असा त्यांचा सवाल होता. कार्यक्रमाची मांडणी करणाऱ्या प्रत्येकाने मनाशी विचारावा असाच तो आहे. सहकाऱ्यांवर ओरडणं समर्थनीय नाही. मुद्दा मात्र शंभर टक्के बरोबर होता.

त्यांनी भूमिका सोडल्या त्या कशासाठी?

दोन प्रसंग ठळक आहेत.

‘ट्रान्सफॉर्मर्स’ या रोबोंच्या कार्टून मालिकेत ते क्लिफजंपर या पात्राचा आवाज देत. एका भागाची संहिता आली, त्यात ‘कारबॉम्ब्या’ नावाचा एक काल्पनिक अरब देश होता. तिथल्या शहराची लोकसंख्या चार हजार माणसं आणि दहा हजार उंट, असं सांगणारी पाटी त्या भागात दिसते. या गोष्टीत तोल साधायला एखादं चांगलं अरब पात्र आहे का, अशी त्यांनी विचारणा केली. नाही म्हटल्यावर त्यांनी मालिका सोडली. लेबनीज घरातला हा मुलगा. शनिवारी सकाळी कार्टून बघणारी पोरं अरबांबद्दल काय शिकतात, हा त्याच्यासाठी हवेतला प्रश्न नव्हता.

दुसरा प्रसंग शॅगीचा. केसम कडक शाकाहारी, दुधा-अंड्यांपासूनही लांब. १९९५ मध्ये एका बर्गर कंपनीच्या जाहिरातीसाठी शॅगीचा आवाज मागितला गेला. त्यांनी नकार दिला आणि पात्रच सोडलं. काही वर्षं दुसऱ्यांनी शॅगी केला. २००२ मध्ये ‘व्हॉट्स न्यू, स्कूबी-डू?’साठी ते परतले ते एका अटीवर: शॅगीही शाकाहारी असेल. निर्मात्यांनी अट मानली.

‘आवाज देणं म्हणजे कागदावरचं वाचणं, त्यात मत कसलं?’ असं म्हणणारे पुष्कळ भेटतात. केसम यांनी तसं कधी मानलं नाही. रेडिओवर ते स्वतःच्या नावाने बोलत, कार्टूनमध्ये शॅगीच्या. पण गळा आपलाच आहे हे दोन्हीकडे त्यांच्या लक्षात होतं. त्यांच्याबद्दल आदर वाटायचं माझं सर्वांत मोठं कारण हे आहे.

१९८८ मध्ये त्यांनी टॉप फोर्टी सोडला होता ना?

हो. कराराचं जमलं नाही, ऑगस्ट १९८८ मध्ये ते बाहेर पडले आणि शॅडो स्टीव्हन्स आले. जानेवारी १९८९ पासून केसम यांनी दुसऱ्या कंपनीकडे ‘केसीज टॉप फोर्टी’ सुरू केला. मूळ कार्यक्रम १९९५ मध्ये बंद पडला, १९९८ मध्ये केसम यांच्यासह पुन्हा उभा राहिला आणि जानेवारी २००४ मध्ये त्यांनी तो रायन सीक्रेस्ट यांच्याकडे सोपवला.

‘पाय जमिनीवर ठेवा’ हे त्यांचंच वाक्य का?

कार्यक्रमाच्या शेवटी ते हे वाक्य म्हणत: पाय जमिनीवर असू द्या आणि हात ताऱ्यांकडे नेत राहा. अनेकांना हेच त्यांचं सर्वांत लक्षात राहिलेलं वाक्य.

शेवटची वर्षं कशी गेली?

जुलै २००९ मध्ये त्यांनी रेडिओचा निरोप घेतला, बरोबर ३९ वर्षांनी. शॅगीही त्याच वर्षी सुटला. पुढे मॅथ्यू लिलार्ड यांच्याकडे शॅगी आला, तेव्हा एका मालिकेत केसम यांनी शॅगीच्या वडिलांना आवाज दिला. परंपरा पुढे देण्याची याहून छान रीत मला सुचत नाही. त्यांना ल्यूई बॉडी डिमेन्शिया हा मेंदूचा आजार झाला. त्यात बोलणंही जातं. १५ जून २०१४ रोजी वॉशिंग्टन राज्यात त्यांचं निधन झालं, वय ८२. अखेरच्या काळातल्या कौटुंबिक वादाच्या बातम्या खूप आल्या. त्यांच्या कामाबद्दल त्यातून काही कळत नाही, म्हणून ते इथे उगाळत नाही.

मला रेडिओ आणि कार्टून दोन्ही करायचं आहे. त्यांच्याकडून काय घ्यावं?

आधी वाचन. रोज मोठ्याने, अनोळखी मजकूर, न अडखळता. मग एकच उतारा तीन वेगळ्या माणसांच्या तोंडी घालून बघा. आवाजाची पट्टी बदलण्यापेक्षा घाई, थकवा, भीती बदलून बघा. नकला करणाऱ्यांचे आवाज बदलतात, माणसं बदलत नाहीत, आणि निवड करणाऱ्याला हे दोन वाक्यांत कळतं.

निवेदनासाठी गाण्याची माहिती स्वतः शोधा. पाच ओळींची टिपणं दोन ओळींत बसवा. मग घड्याळ लावून, गाण्याच्या सुरुवातीच्या संगीतावर बोलून रेकॉर्ड करा आणि परत ऐका. गळ्याची काळजी म्हणजे ओरडायची दृश्यं सत्राच्या शेवटी घेणं, पाणी पिणं आणि आवाज बसला असताना काम न करणं. भारदस्त आवाज नाही म्हणून मागे हटू नका.

त्यांचं काम आज कुठून ऐकायला सुरुवात करावी?

सत्तर आणि ऐंशीच्या दशकांतले ‘अमेरिकन टॉप फोर्टी’चे मूळ भाग अनेक रेडिओ स्टेशनं आजही पुन्हा लावतात. त्यातला १९७८ नंतरचा एखादा भाग निवडा, म्हणजे पत्राचा भागही मिळेल. पहिला अर्धा तास गाणी सोडून फक्त जोड ऐका: आधीचं गाणं कुठे संपतं, ते कुठे बोलायला लागतात, कुठे थांबतात. मग १९६९ च्या ‘स्कूबी-डू’चा कुठलाही भाग लावा आणि शॅगी आणि स्कूबी स्वयंपाकघरात शिरतात तिथे थांबा. आधी रेडिओ आणि लगेच शॅगी, असं ऐकलंत तर वाक्याच्या शेवटी येणारा तो किंचित घोगरा उतार दोन्हीकडे सापडतो.